चित्रं काढायची वेळ झाली!

डेस्कवर लाबूबू मिरवणाऱ्या पिढीला बोटभर मावळ्याला मराठीत काय म्हणतात ते आठवतंय का? कसबा पेठेतल्या कुंभारवाड्यात हा शब्द अजून दरवर्षी रंगवून, वाळवून विकायला ठेवतात.

आत्ता तुमच्या ऑफिसातल्या डेस्कवर एक नजर टाका. मॉनिटरच्या पायाशी काय काय उभं आहे? मोठ्या डोक्याचा एखादा फंको पॉप, लेगोचा बोटाएवढा अंतराळवीर आणि २०२५ मध्ये सगळ्या जगाला वेड लावून गेलेला तो दात विचकणारा लाबूबू! या सगळ्या मंडळींना इंग्रजीत फिगरीन म्हणा, मिनिएचर म्हणा, कलेक्टिबल म्हणा, शब्दांना तोटा नाही. पण मराठीत काय म्हणाल? लंच ब्रेकमध्ये टीमला विचारून बघा. कोणी म्हणेल खेळणं, कोणी बाहुली, कोणी जरा बिचकत मूर्ती. आणि मग कोपऱ्यातून एखादा शनिवार पेठेतला आवाज येईल, ‘अरे, चित्रं!’

झालं! बाकीच्यांच्या चेहऱ्यावर मोठ्ठं प्रश्नचिन्ह. चित्रं? म्हणजे ड्रॉइंग?

नाही हो. चित्रं म्हणजे दिवाळीच्या किल्ल्यावरची चित्रं. मातीची, बोटाच्या पेरापासून वीतभर उंचीपर्यंतची. सिंहासनावर बसलेले महाराज, ढाल-तलवारवाले मावळे, तोफ आणि तोफची, घोडेस्वार, पाटी डोक्यावर घेतलेली गवळण, नांगर धरलेला शेतकरी आणि पुठ्ठ्याच्या गुहेत बसणारा वाघ. ज्यांचं बालपण पुण्यात गेलं, त्यांना हे वेगळं समजवावं लागत नाही. ज्यांचं गेलं नाही, त्यांच्यासाठी हा लेख आणि एक छोटीशी सफर.

बसवायची, उभारायची की मांडायची?

शब्दाचा खरा स्वभाव कळतो तो त्याच्या जोडीला येणाऱ्या क्रियापदावरून. जरा गंमत बघा. मूर्ती आपण बसवतो. पुतळा उभारतो, मग त्याचं अनावरण करतो आणि त्यावरून भांडतोही. बाहुलीला खेळवतो, तिचं बाहुल्याशी लग्न लावतो. चित्रं मात्र मांडायची असतात. पाट-रांगोळी मांडावी, भातुकली मांडावी, तशी. मांडण्यात एक स्वातंत्र्य आहे. आज तोफ बुरुजावर, उद्या दरवाज्यात, परवा धाकट्या भावाने रुसून ती तळ्यात टाकली तरी चालतं.

दुसरी गंमत अशी, की या अर्थाने हा शब्द बहुतेक वेळा अनेकवचनातच येतो. ‘चित्र आणलं’ म्हटलं की फ्रेम डोळ्यासमोर येते. ‘चित्रं आणली’ म्हटलं, आणि महिना आश्विनाचा असला, की लगेच मातीचा वास येतो. तिसरी गंमत सगळ्यात भारी. ‘चित्रं काढ’ हे वाक्य शाळेत ऐकलं तर खडूची पेटी उघडायची असते आणि दिवाळीच्या आधी घरात ऐकलं तर माळ्यावर चढायचं असतं! तिथे बुटाच्या खोक्यात, जुन्या वर्तमानपत्राच्या बोळ्यांमध्ये गुंडाळून अख्खी फौज झोपलेली असते. एकच वाक्य, आणि अर्थ ठरवतं ते कॅलेंडर.

हा शब्द सगळ्या महाराष्ट्राचा आहे असा दावा मी करणार नाही. मुंबईच्या मैत्रिणी सरळ ‘मावळे’ म्हणतात, मग त्यात गवळण आणि वाघही मावळेच. पण पुण्याच्या जुन्या पेठांमध्ये ‘चित्रं’ या शब्दाला आजही ओळखपत्र लागत नाही.

चलो कुंभारवाडा

कसबा ही पुण्याची सगळ्यात जुनी पेठ. तिच्या नदीकडच्या अंगाला कुंभारवेस आणि तिथेच कुंभारवाडा. शनिवारवाड्यापासून रमतगमत चालत गेलात तरी दहा-पंधरा मिनिटं. एरवी या रस्त्याने आपण डेंगळे पुलाकडे जाताना फक्त हॉर्न वाजवतो. पण वसुबारसेच्या आधीच्या आठवड्यात या. रस्त्याच्या कडेला टेबलं, फळ्या, उलटे क्रेट. एकीकडे पणत्यांचे ढीग, एकीकडे बोळकी आणि त्यांच्या मागे ओळीने उभी राहिलेली चित्रं. शंभर मावळे एकाच दिशेला बघतायत, सगळ्यांच्या मिशा सारख्या आणि तरी प्रत्येकाचा मूड वेगळा. कारण रंग हाताने दिलेला असतो. एकाची भुवई अर्धा मिलिमीटर वर गेली, की तो रागीट. दुसऱ्याची खाली आली, की तो सोमवार सकाळच्या मीटिंगमध्ये बसल्यासारखा.

ज्या टेबलापाशी मी थांबले, तिथे एक मावशी उरलेल्या फौजेला मिशा काढत बसल्या होत्या. डाव्या हातात मावळा, उजव्या हातात बारीक ब्रश. एक फटकारा डावीकडे, एक उजवीकडे, पुढचा! मी विचारलं, ‘मावशी, ही चित्रं मातीची ना?’ त्यांनी मान वर केली. ‘चित्रं म्हणालात म्हणजे इथल्याच दिसता ताई. आता समदे मावळ्यांचा सेट मागतात.’

‘आणि फुटलं तर?’

‘फुटलं तर पुढल्या वर्षी यायचं की! फुटलंच नाही तर आमचं कसं व्हायचं?’

बिझनेस स्कूलमध्ये ज्याला रिपीट कस्टमर म्हणतात, त्याचा फंडा इतक्या कमी शब्दांत मी कुठे ऐकला नव्हता.

या धंद्याचा खरा शत्रू प्लॅस्टिक नाही, परतीचा पाऊस आहे. माती वाळल्याशिवाय रंग धरत नाही आणि वाळायला ऊन लागतं. नवरात्र सरलं तरी आभाळ भरून येत असेल, तर फळ्यांवर निळे प्लॅस्टिकचे कागद पांघरून बसावं लागतं. दिवाळी काही पावसासाठी थांबत नाही. चार दिवसांचा सीझन, त्यातले दोन ओले गेले तर वर्षाचं गणित बिघडतं. ‘पोरगं मदतीला येतं का?’ असं विचारल्यावर मावशी म्हणाल्या, ‘ते डिलिव्हरीचं काम करतं. त्याला दिवाळीतच सुट्टी नसते.’ आपण फराळाचा बॉक्स ऑनलाइन मागवतो तेव्हा दारात कोण उभं असतं, याचा विचार मी त्या संध्याकाळी पहिल्यांदा केला.

पुण्यातले सगळे कुंभार आता पेठेत नाहीत. मुंढव्याच्या केशवनगरात त्यांची मोठी वस्ती आहे. पण खरेदीची मजा म्हणाल तर ती या अरुंद रस्त्यावरच.

दोन अर्धे मिळून एक मावळा

एक चित्र उचला आणि बाजूने बघा. डोक्यापासून पायापर्यंत एक पुसटशी रेघ दिसेल. ही त्याच्या जन्माची खूण. साचा दोन भागांचा असतो, एक पुढचा आणि एक पाठीचा. दोन्हीकडे माती दाबायची, अर्धे जोडायचे, कडेची जादा माती बोटाने नाहीतर काडीने काढून टाकायची आणि वाळवायचं. घाई झाली असेल तर रेघ ठळक राहते. निवांत हात असेल तर ती शोधावी लागते.

ही आयडिया किती जुनी असेल? धाराशिव जिल्ह्यात तेर नावाचं गाव आहे. हे प्राचीन तगर, ‘पेरिप्लस’ या ग्रीक ग्रंथात व्यापारी पेठ म्हणून उल्लेख असलेलं. तिथे सातवाहन काळातल्या, म्हणजे साधारण दोन हजार वर्षांपूर्वीच्या मातीच्या छोट्या मूर्ती मोठ्या संख्येने सापडल्या आहेत. त्यातल्या अनेक पांढऱ्या केओलिन मातीच्या, आतून पोकळ आणि चक्क दोन भागांच्या साच्यातून काढलेल्या. तेरच्या लामतुरे संग्रहालयात त्या पाहायला मिळतात. स्त्रियांच्या केशरचना आणि दागिने इतके बारीक, की एखादी ज्वेलरी डिझायनर तिथे दिवसभर बसून राहील. सातवाहन कारागीर आणि आपल्या मावशी यांच्यामध्ये सरळ वंशावळ जोडायचा मोह आवरायला हवा. पण हाताची युक्ती तीच आहे, हे नक्की.

याचं विसर्जन नाही!

आता मुद्द्याचं. ही चित्रं कलेक्टिबल का झाली?

कुंभाराचं वर्ष डोळ्यासमोर आणा. बेंदराला, पोळ्याला मातीचे बैल. नागपंचमीला नाग. हरितालिकेला सखी-पार्वती. मग गणपती. नवरात्रात घट, संक्रांतीला सुगडं. यातल्या जवळजवळ प्रत्येक वस्तूला पूजा आहे आणि पूजेचा शेवटही ठरलेला आहे. हरितालिका पाण्यात जाते, गणपती दीड दिवसाने नाहीतर दहा दिवसांनी जातो. ते जाण्यासाठीच आलेले असतात, म्हणून तर निरोप देताना घसा दाटतो.

चित्रांना यातलं काहीच नाही. ना प्राणप्रतिष्ठा, ना मुहूर्त, ना नैवेद्य, ना विसर्जन. तुळशीच्या लग्नापर्यंत किल्ला उभा राहतो, अळीव पिवळे पडतात, मग माती कुंडीत जाते आणि चित्रं पुसून परत खोक्यात. विसर्जन नाही म्हणून साठवण आहे. दरवर्षी दोन-चार नवी येतात, एक-दोन शहीद होतात आणि दहा-पंधरा वर्षांत खोक्यात घराचा इतिहास जमा होतो. हा आजीने घेऊन दिलेला हत्ती, हा हात तुटलेला भालदार आणि हा जत्रेतून आणलेला, किल्ल्याशी काही संबंध नसलेला बँडवाला.

किल्ल्यावर या सगळ्यांना जागा असते, हे विशेष. इतिहासाचे प्राध्यापक बघतील तर चक्कर येऊन पडतील. पायथ्याशी ट्रॅफिक पोलीस, अर्ध्या वाटेवर क्रिकेटर, घोड्यापेक्षा मोठा वाघ, दरवाज्यात न मावणारे महाराज आणि बाजूला ‘पार्किंग’ची पाटी. प्रमाण आणि काळ, दोन्ही धाब्यावर. पण मुलांच्या लेखी हिशोब सोपा असतो. जो महत्त्वाचा तो मोठा, आणि जो खोक्यात आहे त्याला बाहेर काढायलाच हवं.

दक्षिणेकडचे तुमचे कलीग्ज हे वाचून म्हणतील, हे तर आमच्याकडेही आहे! बरोबर. तमिळनाडूत नवरात्रात विषम संख्येच्या पायऱ्या रचून त्यावर बाहुल्या मांडतात, तो कोलू. कर्नाटकात दसऱ्याच्या गोंबे, आंध्र-तेलंगणात बोम्मल कोलुवु. तिथेही बाहुल्या आईकडून मुलीकडे येतात आणि दरवर्षी एखादी नवी भर पडते. फरक एवढाच, की कोलू देवघराच्या जवळचा आहे. आपला किल्ला अंगणातला, चिखलातला आणि पोरांचा.

आणि शिल्पशास्त्र म्हणतं...

आता येतो या स्टोरीतला माझा सगळ्यात आवडता भाग. ‘पण चित्र तर सपाट असतं!’ असं म्हणून जे हसतात, त्यांच्यासाठी खास.

जुन्या शिल्पशास्त्रात आकृतीचे तीन प्रकार सांगितलेत. चारी बाजूंनी पूर्ण घडवलेली, जिच्याभोवती फिरता येतं अशी आकृती म्हणजे ‘चित्र’. भिंतीतून अर्धी बाहेर आलेली, म्हणजे आपण ज्याला रिलीफ म्हणतो, ती ‘अर्धचित्र’. आणि रंगाने सपाट पृष्ठभागावर काढलेली? तिला म्हणायचं ‘चित्राभास’! म्हणजे चित्र असल्याचा नुसता भास. केरळमधल्या श्रीकुमाराच्या ‘शिल्परत्न’ या सोळाव्या शतकातल्या ग्रंथात ही विभागणी आहे, इतर शिल्पग्रंथांतही आहे.

वाचून मी उडालेच. म्हणजे या हिशोबाने आर्ट गॅलरीत लाखो रुपयांना टांगलेलं ते आभास, आणि कुंभारवाड्यात वडापावच्या भावात मिळणारा मावळा हे खरं चित्र! पेठेतला शब्द थेट या ग्रंथांतून आला, असं मी म्हणत नाही. संस्कृतमध्येच ‘चित्र’ला झळझळीत, रंगीबेरंगी असाही अर्थ आहे आणि रंगवलेल्या मातीला तो आपसूक चिकटू शकतो. पण ‘चित्रं’ म्हणणाऱ्या आजीला कोणी अडाणी समजत असेल, तर त्याने जरा थांबावं. तिच्या बाजूने शास्त्र उभं आहे.

सर्च बारमध्ये हरवलेला शब्द

मग अडचण काय? अडचण अशी, की हा शब्द सर्च बारमध्ये टिकत नाही. ऑनलाइन ‘किल्ल्याची चित्रं’ टाइप करा. रायगडाचे फोटो येतील, वॉलपेपर येतील. मातीचा मावळा हवा असेल तर ‘मावळे सेट’, ‘शिवकालीन मूर्ती’ किंवा सरळ ‘मिनिएचर’ असं लिहावं लागतं. आणि जे सर्चमध्ये सापडत नाही, ते विकणारा तरी त्या नावाने का विकेल?

ऑनलाइनचे सेट दिसायला झक्कास असतात, यात वाद नाही. फायबरचे, रेझिनचे, पगडीपासून पट्ट्यापर्यंत इतिहासाला धरून. तानाजी वेगळा, बाजीप्रभू वेगळा. गडप्रेमी तरुणांनी अभ्यास करून केलेलं कामही त्यात आहे. ११ जुलै २०२५ ला ‘मराठा लष्करी भूप्रदेश’ म्हणून बारा किल्ले युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेले. त्यातले अकरा महाराष्ट्रातले आणि एक तमिळनाडूतला जिंजी. आपले गड जगाने मान्य केले, तेव्हा किल्ल्यावरचा मावळाही नीट दिसावा असं वाटणं साहजिक आहे.

पण शब्द बदलला की हातही बदलतो. महागड्या सेटला ‘मूर्ती’ म्हटलं की आई लगेच म्हणते, हात लावू नकोस. मूर्ती पडली तर अपशकुन, फुटली तर पाप. ‘चित्र’ पडलं तर गोंद लावायचा, नाहीच जुळलं तर तो लढाईत जखमी झाला म्हणून तळ्याकाठी आडवा झोपवायचा. मूर्तीपुढे मूल हात जोडून उभं राहतं. चित्र ते मुठीत धरतं, त्याच्या तोंडी डायलॉग घालतं, त्याला गडावर चढवतं. शिवाजी महाराज कित्येकांना इतिहासाच्या पुस्तकाआधी असे मुठीत भेटले आहेत. आदर कमी होतो म्हणता? माझा अनुभव उलटा आहे. ज्याच्यासाठी चार दिवस चिखल कालवला, विटा वाहिल्या, पोत्यावर गेरू फासला, त्याच्याबद्दल वाटणारा आदर अनावरणाच्या पडद्यामागून येत नाही.

आणि हो, चिखलाचं काय? नव्या सोसायट्यांमध्ये पार्किंगच्या फरश्या खराब होतात म्हणून माती नको, असं सर्क्युलर निघतं. मग बाल्कनीत बाजारातला तयार किल्ला येतो, दोन पणत्या लागतात, फोटो निघतो. वाईट काही नाही. पण तयार किल्ल्यावर सगळं जागच्या जागी चिकटवलेलं असतं. मांडायला काही उरतच नाही. आणि मांडणं गेलं, की चित्रं या शब्दाला करायला काम उरत नाही. शब्द काही कोणी बंदी घालून मारत नाही. त्याचं क्रियापद काढून घेतलं की पुरे.

माझ्या बिल्डिंगमधल्या पोरांनी गेल्या वर्षी तोडगा काढला. जुन्या फ्लेक्सवर माती पसरून गच्चीच्या कोपऱ्यात किल्ला, म्हणजे फरशीही खूश आणि कमिटीही. एक सात वर्षांची मुलगी कुंभारवाड्यातून आणलेली गवळण हातात घेऊन उभी होती. मी विचारलं, हे काय आहे? ती म्हणाली, ‘चित्र.’ मग माझ्या अज्ञानाची कीव आल्यासारखी पुढे म्हणाली, ‘उभं राहणारं.’

चित्रं घ्यायला जाताय?

कधी : वसुबारसेच्या आधीचा आठवडा बेस्ट. लक्ष्मीपूजनाच्या दिवशी गेलात तर उरलेसुरले मावळे आणि प्रचंड गर्दी.

कसं : मेट्रोने कसबा पेठ स्टेशन (सप्टेंबर २०२४ पासून सुरू) आणि तिथून चालत. गाडी आणायचा विचारही करू नका, लावायला जागा नाही.

ओळखाल कसं : चित्र तळाकडून बघा. रंग न लागलेली जागा लालसर किंवा करडी असेल तर माती, पांढरीशुभ्र असेल तर प्लास्टर. भाजलेल्या मातीला हलकी टिचकी मारली की टणटण वाजतं.

काय घ्याल : महाराज आणि मावळे सगळेच घेतात. तुम्ही गवळण, वासुदेव, भाजीवाली शोधा. लढणाऱ्यांच्या फौजेत गाव वसवणारी हीच मंडळी.

न्याल कसं : घरून बुटाचं रिकामं खोकं आणि जुने पेपर घेऊन जा. पिशवीत घातलेल्या फौजेतले अर्धे स्वार रिक्षातच धारातीर्थी पडतात.

भाव करताना : ब्रश धरलेल्या हाताकडे एकदा बघा, मग बोला.